बळवंत तायड्यांचा प्रायव्हेट नंबर

बळवंत तायडे निवृत्त होऊन सहा वर्षं झाली, पण हाताखालची वही सुटली नाही. वीज गेली की ते वेळ लिहीत, आली की वेळ लिहीत. पाण्याचा टँकर, गॅसचं सिलिंडर, समोरच्या कडुनिंबाची पानगळ, सगळ्याची नोंद. ‘वहीत खोटं लिहिलं की कुठेतरी माणूस मरतो,’ हे त्यांना नोकरीच्या पहिल्या आठवड्यात शिकवलं होतं आणि ते त्यांनी आयुष्यभर जपलं. जयपूरच्या जगतपुऱ्यातल्या त्या दोन खोल्यांच्या फ्लॅटमध्ये आता लिहिण्यासारखं फारसं घडत नसे, म्हणून नोंदी आखूड होत गेल्या होत्या. जुलै संपल्यापासून रोजची शेवटची नोंद तर एकच असे: ‘उ. – सिंगल टिक.’

उ. म्हणजे उत्कर्षा. त्यांची एकुलती एक मुलगी.

तायडे मूळचे भुसावळजवळच्या एका खेड्यातले. घरातले पहिले सरकारी नोकर. रेल्वेत लागले, राजस्थानात आले आणि जयपूरच्या आसपासच्या लहान लहान स्टेशनांवर मास्तरकी करता करता इथलेच होऊन गेले. बैठकीच्या खोलीत बाबासाहेबांचा फोटो, शेजारी पत्नी सुवर्णाचा. ती जाऊन सात वर्षं झाली होती. घरातलं मराठी भुसावळचंच राहिलं. उत्कर्षाचं मात्र जयपूरचं, ‘बाबा, मतलब मी काय म्हणते’ असं सुरू होणारं.

लहान स्टेशनातल्या कंट्रोलच्या फोनची एक रीत असते. एकाच तारेवर साऱ्या सेक्शनची स्टेशनं लटकलेली. एक बोलतो, बाकीचे ऐकतात. कुठली गाडी कुठे अडली, कुणाच्या घरी बाळ झालं, कोण कुणावर डाफरला, सगळं सगळ्यांना ठाऊक. तायडे एकतीस वर्षं त्या तारेला कान लावून बसले. ऐकत राहणं हीच तिथे नोकरी. आणि सगळेच ऐकतात म्हणून तर महत्त्वाचा निरोप नुसत्या शब्दांवर सोडत नाहीत. फाटकवाला ‘फाटक बंद’ म्हणाला तर तेवढ्यानं भागत नाही. त्याच्याकडे दोन आकडी संख्यांचा छापील कागद असतो, कसलाच क्रम नसलेल्या. त्यातली पुढची संख्या तो सांगतो आणि खोडतो. मास्तर ती वहीत उतरवतो. खोडलेली संख्या पुन्हा चालत नाही. ह्याला प्रायव्हेट नंबर म्हणतात. नंबर नाही तर सिग्नल नाही, मग गाडीत कुणीही बसलेलं असो.

उत्कर्षा नऊ वर्षांची असताना तायड्यांनी हा खेळ घरी आणला. तिच्या वाढदिवसाला दोघं टेबलाशी बसत. तायडे मनात येतील तशा संख्या सांगत, ती दोन कागदांवर लिहून काढी. एक कागद बाबांच्या वहीत, एक तिच्या दप्तरात. शाळेतून किंवा मैत्रिणीकडून फोन आला की तायडे गंभीर आवाजात विचारत, “प्रायव्हेट?”

“सत्तेचाळीस!”

“बोला, स्टेशन उत्कर्षा.”

पुढे ती गोपालपुऱ्याच्या होस्टेलवर राहून स्पर्धा परीक्षेची तयारी करू लागली, तरी दर वर्षी नवा कागद होत असे. ती तो फोनच्या कव्हरमध्ये घडी करून ठेवी. मैत्रिणी हसत. पण दोन वर्षांपूर्वी एका सकाळी तायड्यांना फोन आला होता. पोलिसाचा दरडावणारा आवाज, मागे कुणीतरी पोरगी रडतेय. तुमची मुलगी पकडली गेलीय, लगेच सांगतो तसं करा. तायडे म्हणाले, “प्रायव्हेट नंबर बोलो.”

“क्या?”

“लडकी से पूछो. दो अंक.”

पलीकडच्यानं एक शिवी देऊन फोन ठेवला. उत्कर्षा ते ऐकून इतकी हसली की तिला ठसका लागला. आणि खालच्या मजल्यावरच्या गुलाबरावांनी, म्हणजे मालगाडीवरच्या निवृत्त गार्डांनी, ती गोष्ट चहाच्या थडीवर, म्हणजे टपरीवर, वर्षभर सांगितली. “अरे, आमचा मास्तर यमाकडेही आधी नंबर मागेल.”

गेल्या वर्षी दिवाळीला उत्कर्षा घरी आली, ती चार दिवस राहिली. कसला तरी फॉर्म छापायचा म्हणून तिनं घरच्या लॅपटॉपला आपलं मेसेजचं अ‍ॅप जोडलं, काम केलं आणि ते तसंच विसरून होस्टेलला गेली. दुसऱ्या दिवशी तायड्यांनी लॅपटॉप उघडला तर तिच्या गप्पा समोर चालत होत्या. अक्षरं आपोआप खाली सरकत होती, जुन्या तारेवरच्या बोलण्यासारखी.

बंद करायला हवं, हे त्यांना कळत होतं. पण पोरगी शहराच्या दुसऱ्या टोकाला एकटी, आई नाही. कुठे काही अडलं तर आपल्याला आधी कळेल, असं त्यांनी मनाला सांगितलं. अकरा दिवस ते रोज सकाळी आंघोळ करून, चष्मा पुसून लॅपटॉपसमोर बसले. ड्यूटीवर बसावं तसे.

सई नावाच्या मैत्रिणीला ती लिहीत होती. आपण प्रीलिमला बसलोच नाही, असं. दोन महिन्यांपासून एका समुपदेशक बाईंकडे जाते आहे, असं. आणि अकराव्या दिवशी: ‘बाबांच्या आवाजाची मला भीती वाटते. आईलासुद्धा वाटायची. ती शेवटी शेवटी मुद्दाम झोपेचं सोंग घ्यायची, ते ड्यूटीवरून आले की.’

पुढच्या रविवारी उत्कर्षा जेवायला आली. तायड्यांनी तिला भाकरी वाढली, स्वतःला वाढली, आणि विचारलं, “तुझी आई सोंग घ्यायची?”

तिचा हात ताटातच थांबला.

“काय म्हणालात?”

“झोपेचं. मी ड्यूटीवरून आलो की.”

ती काही न बोलता उठली. हात धुतला. फोन उघडून कुठलीशी यादी पाहिली. जोडलेल्या यंत्रांची ती यादी होती. तिच्यात ह्या घरचा लॅपटॉप होता आणि पुढे लिहिलं होतं, ‘आज सक्रिय’.

“अकरा दिवस, बाबा?”

“उघडंच होतं ते. मी काही फोडलं नाही.”

“मतलब, तुम्ही रोज बसून ऐकत होतात?”

“बाप आहे मी तुझा. परीक्षेला बसली नाहीस, बायकांकडे जाऊन घरचं सांगतेस...”

“प्रायव्हेट नंबर कुणासाठी शिकवलात मग?” तिचा आवाज चढला नव्हता. उलट खाली गेला होता. “बाकीच्या दुनियेसाठी? तुम्हाला लागूच नव्हता तो?”

तिनं बोटानं काहीतरी दाबलं. मागे टेबलावरच्या लॅपटॉपवरच्या गप्पा एकदम पुसल्या गेल्या आणि त्या जागी काळ्यापांढऱ्या ठिपक्यांचा एक चौकोन आला. तायडे त्याच्याकडेच बघत राहिले. दार लागल्याचा आवाज त्यांनी ऐकला, पण त्या वेळची नोंद वहीत नाही.

पाच दिवसांनी मेसेज आला: ‘मी ठीक आहे. जयपूर सोडतेय. शोधू नका.’ ते होस्टेलवर गेले, खोली रिकामी. पोलीस म्हणाले, चोवीस वर्षांची मुलगी, स्वतः कळवून गेलीय, आम्ही काय करणार. सई फोनवर म्हणाली, “काका, तिनं सांगू नको म्हटलंय. सॉरी.” त्यानंतर सईनं फोन उचलला नाही.

डिसेंबर गेला. जानेवारीत एका दुपारी उत्कर्षाच्या गप्पांच्या पानावर एक ओळ आली. ती कुणी लिहिलेली नव्हती. मधोमध, फिकट पिवळ्या पट्टीत: ‘उत्कर्षासोबतचा तुमचा सुरक्षा कोड बदलला आहे.’

तायडे फोन घेऊन चंदनकडे गेले. चौकातलं मोबाइल दुरुस्तीचं दुकान त्याचं. चाळिशीचा, बोलका माणूस. कानावर पेन्सिल, डोळ्याला भिंग.

“अंकलजी, घबराने का नहीं. बेटी ने नया फोन लिया है.”

मग त्यानं कागदावर दोन कुलपं काढून समजावलं. प्रत्येक फोनची आपली किल्ली असते. तुम्ही लिहिलेलं तुमच्याच फोनमध्ये कुलूपबंद होतं आणि तिच्याच फोनमध्ये उघडतं. मधे कंपनी असो, सरकार असो, मी असो, कुणालाही नुसती पेटी दिसते. फोन बदलला की किल्ली बदलते, म्हणून ही ओळ. दोघं समोरासमोर बसून कोडचे आकडे ताडून पाहिले, तर माणूस तोच आहे की नाही तेही कळतं.

“आमच्याकडे असंच होतं,” तायडे म्हणाले. “साठ वर्षांपूर्वीपासून.”

त्या दिवशी वहीत त्यांनी लिहिलं: ‘उ.नं नवा फोन घेतला. दु. २.१०.’ खाली रेघ मारली. नवा फोन म्हणजे हातपाय हलताहेत, कुठेतरी काम आहे, जेवते आहे. तेवढ्या एका ओळीवर त्यांनी तो हिवाळा काढला.

मार्चपासून ते तिला लिहू लागले. डबल टिक येई, म्हणजे मेसेज पोचत होते. टिक निळी होत नसे. चंदन म्हणाला, निळ्याची सोय बंद करता येते. वाचलं की नाही ते तिलाच ठाऊक. तायडे धरून चालले की वाचते. लिहिलं काय, तर: लॅपटॉप तू उघडा ठेवलास. मी कुणाला एक शब्द सांगितलेला नाही. माझी ड्यूटी बारा बारा तास असायची, आवाज चढायचाच. तुझ्या आईला काय हवं-नको ते मी कधी कमी पडू दिलं नाही. प्रत्येक मेसेजला वेळ, प्रत्येक मुद्द्याला आकडा.

जुलैच्या शेवटी टिक एकच येऊ लागली.

“फोन बंद असेल,” गुलाबराव म्हणाले. थडीवर दोघं कुल्हड धरून बसले होते. “दाखवा बघू काय लिहिता ते.”

तायड्यांनी फोन दिला. गुलाबरावांनी अंगठ्यानं वर, आणखी वर सरकवत वाचलं. त्यांचा चहा निवला.

“मास्तर, हे पत्र नव्हे हो. ही चार्जशीट आहे.”

“खरं आहे ते लिहिलंय.”

“खरं असेल. मी तीस वर्षं मालगाडीच्या शेवटच्या डब्यात एकटा बसलो, माझंही खरं खूप आहे. पण पोरीनं विचारलेल्याचं उत्तर यात कुठंय? वहिनी सोंग घ्यायच्या का?”

तायडे फोन घेऊन उठले. घरी आले. सुवर्णाच्या फोटोसमोरची खुर्ची ओढून बसले. पहाटेची ड्यूटी संपवून घरात शिरताना दिसणारी तिची पाठ त्यांना आठवली. भिंतीकडे वळलेली. श्वास फार सरळ, फार मोजका. झोपलेल्या माणसाचा श्वास असा नसतो, हे त्यांना तेव्हाही कळत होतं. कळत होतं, आणि बरं वाटत होतं, की आता बोलावं लागणार नाही.

सप्टेंबर अर्धा सरला तेव्हा कुठे त्यांनी ते लिहिलं. एका बैठकीत नाही. थोडं थोडं, रोज चार ओळी. ‘तुझी आई सोंग घ्यायची. मला माहीत होतं.’ दुसऱ्या दिवशी: ‘मी दार आपटायचो. तू दप्तर भरता भरता थांबायचीस. मी ते पाहिलेलं आहे.’ मग: ‘तुझं बोलणं मी चोरून वाचलं. उघडं होतं म्हणून नाही, मला सवय होती म्हणून.’ आणि शेवटी: ‘मला माफ कर. उत्तर नको देऊस. एवढं वाच फक्त.’

सगळ्यांपुढे सिंगल टिक. कधीतरी फोन सुरू होईल, आणि पेट्या एकामागून एक पोचतील. ते थांबायला तयार होते. आडबाजूच्या स्टेशनावर मालगाडी तास तास थांबते, त्यांनी कितीतरी थांबवल्या होत्या.

दिवाळीला आठ दिवस होते. सकाळी सातच्या सुमारास तायडे गच्चीवरून कपडे घेऊन आले, सवयीनं फोन पाहिला आणि दारातच थांबले. पिवळी पट्टी. ‘उत्कर्षासोबतचा तुमचा सुरक्षा कोड बदलला आहे.’ आणि पट्टीच्या वरच्या, महिनाभराच्या मेसेजांपुढे डबल टिक. ते बघत असतानाच टिका निळ्या होत गेल्या.

ते तसेच, खांद्यावर ओला टॉवेल, खाली गुलाबरावांच्या दारात गेले.

“वाचलं तिनं. नवा फोन. निळी टिक आली हो, गुलाबराव.”

“अरे वा! अहो, बसा. पाणी प्या आधी.” गुलाबरावांनी बायकोला हाक मारून चहा टाकायला सांगितला, मग सवयीनं चेष्टा केली, “काय मास्तर, प्रायव्हेट नंबर घेतलात का?”

“हे काय विचारणं झालं?”

“नाही, नियम तुमचाच आहे.”

घेतला नव्हता. वहीतल्या कागदावरचा पुढचा न खोडलेला आकडा त्यांना पाठ होता, अडतीस. पण इतक्या महिन्यांनी पोरगी दाराशी आलेली असताना तिला कुणी नंबर विचारतं का? विचारला आणि ती परत फिरली तर? त्यांनी फक्त लिहिलं, ‘कशी आहेस, बाळा?’

निळी टिक. मग वरच्या बाजूला ‘रेकॉर्ड करत आहे’ असं आलं. ती बोलत होती. टायपिंगही नव्हे, आवाज. तायड्यांनी फोन दोन्ही हातांत धरला.

पंचेचाळीस सेकंदांचा निरोप. गुलाबरावांच्या बैठकीत, चहाचा वास येत असताना, त्यांनी तो लावला.

“नमस्ते अंकलजी. मेरा नाम मनभर है, बगरू से बोल रही हूँ. ये नंबर मैंने अभी नया लिया है, दस दिन हुए. सिम लगाई तो ये छह अंक का पिन माँगता था, मेरे पास था नहीं, तो हफ्ता भर रुकना पड़ा. आज चालू हुआ, तो आपके मैसेज आने लगे. मैंने सोचा मेरे घरवालों के हैं, इसलिए खोल लिए. मराठी मुझे आती नहीं. बस ‘माफ’ समझ में आया. तो मैंने सोचा, बता दूँ, कि मैं वो नहीं हूँ.” मागे लाकडी ठसा कापडावर आपटल्याचा आवाज येत होता, ठप, ठप, सावकाश. “आप बुरा मत मानना.”

गुलाबरावांची बायको चहा घेऊन आली आणि दोघांचे चेहरे पाहून तशीच उभी राहिली.

दुपारी तायडे चंदनकडे गेले. आता त्यांना सगळं माहीत होतं, तरी गेले. चंदननं भिंग काढून ठेवलं. बंद पडलेला नंबर काही महिन्यांनी कंपनी दुसऱ्याला देते, तो म्हणाला. बेटीनं सिम सोडून दिलं असणार. नवा मालक आला की नवी किल्ली. बेटीच्या जुन्या गप्पा ह्या बाईला दिसत नाहीत, खाती दिसत नाहीत, तिचं काही सांडलेलं नाही. पिनही बेटीनं लावून ठेवला होता, समझदार है. फक्त जे मेसेज पोचायचे राहिले होते, ते तुमच्या फोननं नव्या किल्लीनं बांधून नव्या माणसाकडे पाठवले.

“मशीन ने तो बताया था, अंकलजी. कोड बदल गया, मतलब देख लो, सामने कौन है.”

“हो. बताया था.”

जिथे ती वाचू शकत होती, तिथे ते मार्चपासून जुलैपर्यंत मुद्दे लिहीत राहिले होते. जे लिहायचं होतं ते बगरूच्या, ठशांनी कापड छापणाऱ्या एका अनोळखी बाईच्या हातात पडलं, नीळ लागलेल्या हातात, आणि त्यातला तिला एक शब्द कळला. आता सईचा फोन लागत नव्हता, दुसरा पत्ता नव्हता. नव्या नंबरावर उत्कर्षा कुठे असेल तर ती तिथे अगदी सुरक्षित होती. कुणीही तिचं वाचू शकणार नव्हतं. कुणीही तिला लिहू शकणार नव्हतं.

घरी आल्यावर त्यांनी मनभरला हिंदीत लिहिलं: ‘बेटी, तकलीफ़ के लिए क्षमा. वो मैसेज मिटा देना.’ लगेच उत्तर आलं: ‘मिटा दिए अंकलजी.’ जगातलं ते एकच ठिकाण होतं जिथे ती माफी पोचली होती.

मग त्यांनी वहीतला कागद काढला. वरचे आकडे खोडलेले, अडतीसपासून खाली सगळे मोकळे. कागद हरवला किंवा दुसऱ्याच्या हाती गेला की तो रद्द करून सही करायची, असा नियम. पण रद्द केला की नवा द्यावा लागतो, आणि नवा कागद फोनवरून देता येत नाही. तो करायला दोन माणसं एका टेबलाशी बसावी लागतात. तायड्यांनी कागद घडी करून परत ठेवला.

फोनवर उत्कर्षाचं पान उघडं होतं. वर गोल चौकटीत आता तिचा फोटो नव्हता. लाल ठशांनी छापलेल्या ओढणीचा होता. आणि खाली नाव तेच, उत्कर्षा. हे खोटं होतं. ह्या नंबराच्या पलीकडे उत्कर्षा नव्हती, आणि खोटी नोंद त्यांनी आयुष्यात ठेवलेली नव्हती. बराच वेळ ते नावाकडे बघत बसले. मग एका बोटानं, एकेक अक्षर करत, त्यांनी ते बदललं: मनभर, बगरू.

ते जतन झालं. त्यांनी पान वर सरकवलं, जुन्या वर्षांकडे. आठ वर्षांच्या गप्पा त्याच नंबराखाली साठलेल्या होत्या, त्यातला एकही शब्द पुसला गेला नव्हता. फक्त आता सगळ्यांच्या माथ्यावर दुसरं नाव होतं. कानोत्याच्या बंधाऱ्यावर सहलीला गेलेली मनभर लिहीत होती, ‘बाबा, पोचले.’ होस्टेलच्या पहिल्या दिवशीची मनभर लिहीत होती, ‘बाबा, जेवले. भाजी खराब होती.’ आणि त्याच्याही वर, ज्या वर्षी सुवर्णा गेली त्या वर्षीची, सतरा वर्षांची मनभर:

‘बाबा, झोप येत नाहीये. प्रायव्हेट विचारा ना.’

तायड्यांनी वही ओढली. तारीख घातली. वेळ घातली, ५.४०. पेन टेकवून ते थांबले, आणि पुढे काही लिहिलं नाही.